अर्धा मिली

२ डिसेंबर २०२४, सोमवार

पोहोचलो एकदाचा! नंदुरबारहून धानोरा आणि तिथून आठ किलोमीटर आत. मोटारसायकलच्या मागे गादी बांधलेली, हँडलला कुकरची पिशवी, अशा थाटात नवनीतराव गावात शिरले. धुळ्यात सहा वर्षं दुसऱ्याच्या दवाखान्यात कंपाउंडर म्हणून पुड्या बांधल्या. इथे खरे डॉक्टर फक्त मंगळवारी आणि शुक्रवारी येणार. बाकीचे पाच दिवस मीच राजा. आयत्या पिठावर रेघोट्या म्हणतात त्या ह्याच.

दवाखाना म्हणजे जवरीलाल सेठच्या दुकानाला लागून दोन खोल्या. पुढच्या खोलीत टेबल, बाक, औषधांचं कपाट. मागच्या खोलीत मी. समोरच्या मोकळ्या जागेत लाल मिरची वाळत घातलीय, आल्या आल्या दहा शिंका दिल्या. सेठाणीने ताटभर खिचडी पाठवली, वर तुपाची धार. माणसं चांगली आहेत. जमेल आपलं इथे.

६ डिसेंबर, शुक्रवार

डॉक्टर महावीर आज आले. वयाने माझ्याहून लहान, पण शिस्त अशी की मास्तर परवडले. अँटिबायोटिकचं इंजेक्शन मी एकट्याने कधीच द्यायचं नाही, असं तीनदा बजावलं. मग कपाटातला लाल झाकणाचा डबा काढला. आत अ‍ॅड्रेनॅलिनच्या तीन छोट्या कुप्या. कुणाला औषधाने, खाण्याने नाहीतर माशी चावून अंगभर गांधी उठल्या आणि जोडीला श्वास अडकला, उलटी झाली किंवा चक्कर आली, तर वाट बघायची नाही. मोठ्या माणसाला मांडीच्या बाहेरच्या बाजूला अर्धा मिली, लगेच. वेळ पडली तर कपड्यावरून. माणसाला आडवं करायचं, पाय उंच ठेवायचे, उठवायचं नाही, एकशेआठला फोन करायचा. पाच मिनिटांत फरक नाही तर पुन्हा तेवढंच. एव्हिलने खाज जाते, जीव वाचत नाही. आणि माणूस सावरला तरी त्याला एकटं सोडायचं नाही, काही तासांनी सगळं उलटून येऊ शकतं. एवढं सगळं त्यांनी माझ्याकडून म्हणून घेतलं. मीही पोपटासारखं म्हणून दाखवलं.

पण डॉक्टरांना गाव कुठे कळतंय. इथे नुसती गोळी दिली की तोंड वाकडं होतं. सुई टोचत नाही तो कसला डॉक्टर! कालपासून मी मागेल त्याला ताकदीची सुई देतोय. माणसं खूष, मीही खूष. झाकली मूठ सव्वा लाखाची.

१२ डिसेंबर, गुरुवार

लिहून टाकतो. नाहीतर डोकं फुटेल.

सकाळी अकराला सुकलालची बायको सुंदरबाई पोरीला घेऊन आली. चेतना, एकोणीस वर्षांची, नंदुरबारला कॉलेजात. तीन दिवस घसा आणि ताप, शनिवारी पेपर, म्हणून लवकर बरं व्हायचं होतं. सुंदरबाई म्हणाली की मागच्या वर्षी कसल्याशा गोळीने पोरीच्या अंगावर पित्त उठलं होतं. गेरू चोळून घोंगडीत गुंडाळलं तेव्हा उतरलं. मी हसलो. म्हटलं, वांगी खाल्ली की पित्त उठणारच. आणि अँटिबायोटिकची सुई दिली.

दोन-तीन मिनिटांत पोरगी तळहात चोळायला लागली. कान लाल झाले. मानेवर गांधी. जीभ जड झाली म्हणाली, आवाज घोगरा झाला. मग उलटी. मग तिने माझं मनगट घट्ट धरलं.

"भाऊ, माले कसंतरी व्हई ऱ्हायनं. मी मरी जासू."

मी तिला म्हटलं की नखरे करू नकोस.

लाल डबा दोन हातांवर होता. मला सगळं येत होतं, शपथ, शब्द न् शब्द. पण कुपी फोडली की डॉक्टरांना कळणार. कुपी कशाला फोडली, तर सुई कुणी दिली, तर मी. नोकरी गेली असती. म्हणून एव्हिल दिलं आणि बघत बसलो. ओठ निळे पडायला लागले तेव्हा मोटारसायकल काढली. पुढे मी, मधे ती, मागे सुंदरबाई तिला धरून. इथे सगळे आजारी माणसाला असंच नेतात. ताठ बसवून.

पाटचारीच्या पुलावर तिचं डोकं माझ्या पाठीवर पडलं, दोन खांद्यांच्या मधोमध. कपाळ तापलेलं होतं. सुंदरबाई मागून तिला सांगत होती, आलं धानोरा, आलंच. तिचा श्वास लागत नव्हता माझ्या पाठीला. मी गाडी थांबवली नाही.

तिथल्या डॉक्टरांनी विचारलं, सकाळी काय खाल्लं होतं. मीच घाईने बोललो. म्हटलं, घरून भरीत-भाकरी खाऊन आली होती, भरितात पाल पडली असेल. सुंदरबाई सुईचं बोलली, तर म्हटलं, ती साधी ताकदीची. सुकलालने चिरफाड करू दिली नाही. सुईच्या औषधाची बाटली मी नाल्यात टाकली.

१५ डिसेंबर, रविवार

गावभर पालच चाललीय. ऐकून ऐकून मलाच खरी वाटायला लागली. त्या दिवशी पोरीला घाई म्हणून ती एकटीच जेवली होती, त्यामुळे गोष्ट बसली बरोबर.

सुकलाल बायकोच्या हातचं पाणीसुद्धा घेत नाही म्हणे. दीर दोधूने चूल वेगळी मांडली. पोर गेली आणि वर पोर मारल्याचा ठपका. वाईट वाटतं, नाही असं नाही. पण मी तरी काय करू? मी काय मुद्दाम केलं?

१७ डिसेंबर, मंगळवार

सुंदरबाई थेट डॉक्टरांपुढे उभी राहिली. म्हणाली, ह्याने सुई दिली, त्यानंतर झालं. डॉक्टरांनी मला विचारलं. मी म्हटलं, बाईचं दुःखाने डोकं फिरलंय. डॉक्टरांनी लाल डबा उघडून बघितला. तिन्ही कुप्या जागच्या जागी. सुईने त्रास झाला असता तर नवनीतने कुपी वापरली असती, असं त्यांनीच तिला समजावलं. मी खाली बघत उभा होतो.

जाताना तिने दारातून माझ्याकडे बघितलं. अशा नजरेने पूर्वी माझ्याकडे कुणी बघितलेलं नाही.

१९ डिसेंबर, गुरुवार

धानोऱ्याला निघालो होतो, एकटाच. पुलावर गाडी मागून दबली. कुणी बसलं की दबते तशी. टायर बघितला, हवा बरोबर. पुन्हा निघालो तर पाठीला ऊब लागली, दोन खांद्यांच्या मधे. थंडीचे दिवस आहेत, उन्हाची असेल.

ऊन समोरून होतं.

२४ डिसेंबर, मंगळवार

सुंदरबाई आता रोज येते. नऊला बाकावर बसते, पाचला उठते. जवरीलाल सेठला म्हटलं, हाकला हिला, तर म्हणाला, लेक गेलेल्या बाईला मी उठवणार नाही. येईल त्या पेशंटला ती एवढंच सांगते की ह्याला विचारा, माझ्या पोरीला कुठली सुई दिली. खाई त्याला खवखवे म्हणतात. मला काही खवखवत नाही.

डॉक्टरांसाठी अँटिबायोटिकची पावडर पाण्यात विरघळवताना बोटांवर सांडली आणि दहा मिनिटांत हातावर लाल गांधी. मागच्या शुक्रवारीही आल्या होत्या. सुंदरबाईचं लक्ष होतं. उठून जवळ आली.

"तुन्हा हातले काय व्हयनं?"

मी म्हटलं, बाहेरची मिरची लागली. तिने माझा हात हातात घेतला, उलटा करून बघितला, सुलटा करून बघितला. मग परत जाऊन बसली. पोर गेल्यापासून पहिल्यांदा तिचा चेहरा शांत दिसला. मला वाटलं, थकली.

२८ डिसेंबर, शनिवार

दोन दिवस बाकावर नव्हती. नंदुरबारच्या मोठ्या दवाखान्यात गेली होती म्हणे, तिथल्या नर्सबाईजवळ दिवसभर बसून होती. आज परत आली.

दोन रात्री झोप नाही. आडवा झालो की पाठीखाली दोन तळहात लागतात. ढकलत नाहीत. उचलतात. हळूच, आजाऱ्याला बसवतात तसे. भिंतीला टेकून बसलो की थांबतात. आणि भिंतीतून श्वास येतो, बारीक शिटीसारखा. ओळखतो मी तो.

३१ डिसेंबर, मंगळवार

पेशंट नाही. डॉक्टर म्हणाले, असंच चाललं तर दुसरा माणूस बघावा लागेल.

संध्याकाळी ओट्यावर पाच-सहा जण होते. सुंदरबाई बाकावरून उठून बाहेर आली आणि सगळ्यांदेखत म्हणाली —

"तीच सुई तू टोची ले. मंग मी हाई बाक सोडसू."

सगळे माझ्याकडे बघायला लागले. माझं टाळकंच सरकलं. म्हटलं, घेतो, परवा सकाळी, या सगळे बघायला. बाईमाणसासमोर मागे हटणारा मी नाही.

२ जानेवारी २०२५, गुरुवार, सकाळी साडेदहा

जिंकलो!

ओट्यावर पंधरा-वीस माणसं. सगळ्यांदेखत बाटली फोडली, मांडीत टोचून घेतली. मिशीला पीळ दिला. लोक हसले, दोधूने पाठीवर थाप मारली. सुंदरबाई बाहेर आलीच नाही, आत बाकावर एकटी बसून होती.

तळहाताला जरा खाज आली. कान गरम. ओठ जड वाटला. आत येऊन एव्हिल घेतलं, तासाभरात उतरलं. घाबरलो होतो, खोटं कशाला लिहू. पण उतरलं. आता बसशील कुठे, सुंदरबाई?

दुपारी पावणेतीन

पुन्हा खाज. पोटात पीळ. उलटी झाली. डॉक्टर म्हणाले होते, उलटून येतं —

गांधी छातीवर, मानेवर. आवाज घोगरा. उभा राहिलो तर डोळ्यांपुढे अंधार. खाली बसलो, टेबलाला धरून.

काहीतरी वाईट होणार. कळतंय मला. ती हेच सांगत होती. नखरे नव्हते ते —

लाल डबा ओढला. रिकामा.

तीन वाजता

सुंदरबाई समोर. दार तिने आतून लावलं. माझा फोन तिच्याजवळ, बाकावर. सेठचं दुकान दुपारचं बंद. ओरडायला जातो, नुसती शिटी वाजते घशात.

मूठ उघडून दाखवली. तिन्ही कुप्या.

सावकाश बोलली, पाठ केल्यासारखी. "पयले मांडीमा अर्धा मिली देतस. मंग आडवं पाडतस. पाय वर धरतस. बसाडतस नही. नर्सबाईनी माले सांगं."

तिला माहीत होतं. हात बघितला तेव्हाच ओळखलं होतं तिने, हे औषध मलाही सोसत नाही —

आडवा व्हायला बघतोय. होता येत नाही. मागून दोन तळहात. कपाळ टेकलंय पाठीवर. गरम. पुढे आई, मागे पोर, मधे मी. ताठ.

सुंदरबाईने कुपी डोळ्यांसमोर धरलीय.

"भरितमा काय व्हतं? बोल. बोलशी तर देसू."

बोलतो. बोलतोय. आवाज नाही. ओठ हलतात नुसते. ती वाट बघतेय. मी पोरीकडे बघत बसलो होतो तशी —

लिहून दाखवलं. वही तिच्यापुढे धरली. तिने बघितली. खाली ठेवली.

"माले वाचता येत नही."

पुन्हा लिहितो. मोठ्या अक्षरांत. बाहेर कुणीतरी — सेठ — दोधू — कुणीही —

भरितात काही नव्हतं सुई मी दिली डबा मी उघडला नाही हे हिला कुणीतरी वाचून दा