मोरिवलीच्या घराचा निळा पत्रा आणि माझी लेक

मी, विठा आनंदा गायकर, वय अदमासे सहासष्ट, राहणार मोरिवली, अंबरनाथ, डोके ठिकाणावर असताना आणि कोणाचा दाब नसताना हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहून ठेवते. गुडघे गेलेत, बुद्धी नाही.

१. मोरिवलीतले राहते घर यजमानांच्या पश्चात रीतसर माझ्या नावावर झाले आहे. माझ्यामागे ते, दर्शनी भिंतीवरच्या पन्हाळी पत्र्यासकट, मुलगी अंजना हिच्या एकटीच्या मालकीचे होईल. नवऱ्याने घालवून दिल्यापासून ती इथेच आहे, कंपनीत पॅकिंगला जाते. तिला दुसरा आसरा नाही. मुलगा जयदेव याचा बदलापूरला ब्लॉक आहे. घर बिल्डरला देऊ आणि ताईला भाड्याची खोली बघू, असे तो म्हणतो. मी जिवंत असताना म्हणतो, तर मेल्यावर काय करील? म्हणून हा कागद.

२. पत्र्याची जयदेवला लाज वाटते, म्हणून त्याविषयी लिहिते. आमची पुढची भिंत मातीची, पावसाच्या तोंडाला. दरवर्षी पेंढ्याचे तट्टे बांधायचे, तरी ओल यायचीच. चौऱ्याहत्तर साली ह्यांनी कॅम्प चारच्या बाजारातल्या भंगारवाल्याकडून पत्रे टेम्पोत घालून आणले. हे कारखान्यात रंगारी. रंगाऱ्याचा हात वरून खाली चालतो, तसाच ह्यांनी पत्राही वरून लावायला घेतला. खालचा पत्रा वरच्याच्या अंगावर चढला आणि पाऊस लागला तसे सगळे पाणी आत. दीर सुदामभावजी ओट्यावर बसून म्हणाले, "दादा, पाऊस बाहेर ठेवायचा होता का घरात घ्यायचा?" अख्खी आळी हसली. ह्यांनी सगळा पत्रा उतरवला, खालून वर पुन्हा लावला, जुनी भोके डांबराने बुजवली आणि वर निळा रंग दिला. तेव्हापासून भिंत कोरडी आहे.

अंजना शाळेतून येताना पट्टी पत्र्यावरून खर्रर ओढत यायची. तो आवाज आला की मी चहा टाकायचे. दर दिवाळीला हे शिडीवर चढून रंगाचा हात मारीत, आणि मी खालून उगाच म्हणायचे, तिथे राहिलं बघा. राहिलेले काही नसायचे. त्या दिवसांची फार आठवण येते. घरात फारसे काही नव्हते, पण मी सुखात होते, हे इथे लिहून ठेवते.

३. माझ्या पाटल्या सुनेला. तिने माझे पाय चेपलेत, मी विसरलेली नाही. ह्यांची शिडी आणि ब्रश जयदेवला. ब्लॉकात अडचण होत असेल तर इथेच राहू द्यावे. माझ्या तेराव्याला सुदामभावजींना आग्रहाने बोलवावे आणि पत्र्याकडे तोंड करून जेवायला बसवावे.

४. जयदेव, तुझ्यावर माझा राग नाही रे. पण बहिणीला घराबाहेर काढलेस, तर तुझ्या ब्लॉकात माझा फोटो लावू नकोस. या कागदावर साक्षीदार म्हणून तूच सही करायचीस. उद्या माहीत नव्हते म्हणायला नको.

ठिकाण : मोरिवली
तारीख : ९ मार्च १९९७

(सही) विठा आनंदा गायकर

आमच्यासमक्ष सही केली. साक्षीदार :

१. (सही) बुधाजी महिपती म्हात्रे, शेजारी

२. (सही) जयदेव आनंदा गायकर, मुलगा
आई, वाचलं. ताई इथंच राहील. फोटो मात्र लावू दे.