होस्ट खेळत नाही

५ जानेवारी, रविवार

बघून गेले. पोहे संपले, मुलगा काही कळला नाही.

नाव धम्मदीप. बेडसे गावचा, तळेगावला कंपनीत कामाला. आम्हाला बोलायला गच्चीवर पाठवलं, तर अर्धा वेळ तो पाण्याच्या टाकीकडेच बघत होता. शेवटी मीच विचारलं, सुट्टीच्या दिवशी काय करता? म्हणाला, गेम खेळतो थोडा, मोबाइलवर, बंदुकांचा. आणि लाजला! त्याच गेमच्या मॅच दर गुरुवारी मी लावते, हे पोह्यांच्या कार्यक्रमात कसं सांगायचं?

स्थळ विठामावशीने आणलेलं. जाताना ती माझ्या कानाशी लागून म्हणाली, "पोरगा लय शांत हाय गं. आवाज सुदिक चढत न्हाई त्याचा."

ताईच्या नवऱ्याबद्दलही सगळे हेच म्हणाले होते. प्रतीक्षाताई दोन बॅगा घेऊन परत आली त्याला आता दोन वर्षं होतील. तिकडे काय झालं ते तिने कुणालाच सांगितलं नाही. आम्हीच ठरवून टाकलं — तापट निघाला असणार. आज चहा तिनेच केला, ट्रे माझ्या हातात दिला आणि आतल्या खोलीत जाऊन बसली.

मावशीला महिन्याभरात उत्तर हवंय. मला भीती वाटते. मुलाची नाही, माझ्या अंदाजाची.

७ जानेवारी, मंगळवार

रिसेप्शनच्या नोकरीने एक शिकवलं — चेक-इनला सगळेच गोड असतात. माणूस कळतो तो गिझर बंद पडल्यावर.

आज सकाळी वरच्या मजल्यावरचे दोन गिझर बंद. एकाने चावी माझ्यासमोर आपटली, सोबतची बायको जमिनीकडे बघत उभी. त्याच्या शेजारच्या खोलीतले आजोबा मात्र खाली येऊन म्हणाले, पोरी, अंघोळ गेली तर गेली, चहा तरी गरम पाज. अशी माणसं अधूनमधून येतात म्हणून या काउंटरवर उभं राहवतं. त्यांना मी दोनदा चहा दिला.

आणि दुपारी डोक्यात किडा वळवळला. धम्मदीपचा गिझर बंद करून बघायचा!

८ जानेवारी

अतुलला सगळं सांगितलं. चुलतभाऊ असावा तर असा — आधी पोट धरून हसला, मग लगेच कामाला लागला. बेडशाच्या पोरांकडून नंबर काढून धम्मदीपला उद्याच्या मॅचचं आमंत्रण दिलं. होस्ट कोण विचारलं तर एक मित्र आहे म्हणून सांगितलं.

९ जानेवारी, गुरुवार

आला! वेळेवर आला!

खरंतर या गुरुवारांचे माझ्यावर फार उपकार आहेत. ताई परत आली त्या वर्षी आमच्या घरात भांड्यांचासुद्धा आवाज होत नव्हता. तेव्हा अतुलने मला हे शिकवलं. अनोळखी लोकांशी न खेळता आपली आपण मॅच लावायची, तिला कस्टम रूम म्हणतात. रूम काढणारा तो होस्ट. तो आयडी-पासवर्ड पाठवतो, कुणाला कुठल्या टीममध्ये बसवायचं, बंदुका कुठल्या, गाड्या द्यायच्या की नाही, सगळं तोच ठरवतो. आणि स्वतः खेळत नाही, वरून बघतो. पंगतीत वाढणाऱ्यासारखं. मला ते मानवलं. गुरुवारी कंपन्यांना सुट्टी, हॉटेलही रिकामं, त्यामुळे दुपारी चारला कुसगाव, बेडसे, तिकोणा पेठ अशी सगळी जमतात. सगळे एकाच ग्रुप कॉलवर. ही माझी अट! म्हणजे कोण काय बोलतो ते सगळ्यांना ऐकू जातं आणि शिव्या आपोआप कमी होतात. माझा माइक मात्र कायम बंद. गेममधलं माझं नाव 'मॅनेजर', आणि अतुल सोडला तर सगळ्यांना मी पुरुषच वाटते.

आज धम्मदीपला चांगली टीम दिली. नुसतं बघितलं. बरा खेळतो. हसतो मात्र छान, गच्चीवर हे लपवून ठेवलं होतं.

१६ जानेवारी, गुरुवार

आज गिझर बंद.

त्याला बहिरूभाऊंच्या टीममध्ये टाकलं. बहिरूभाऊ म्हणजे तिकोणा पेठेच्या वरच्या वाडीतले, पवनेच्या काठी एका फार्महाऊसवर बागेचं काम करतात. मालक शनिवार-रविवारच येतो, म्हणून गुरुवारी त्याच्या वायफायवर खेळतात. वय पन्नाशीकडे झुकलेलं. आपण कुठल्या दिशेला तोंड करून उभे आहोत हे त्यांना मॅच संपेपर्यंत समजत नाही. त्यांच्या टीममध्ये जो जातो तो आधी हरतो आणि मग ओरडतो.

धम्मदीप जिंकत आला होता. तेवढ्यात बहिरूभाऊ मागे गोळी लागून पडले आणि कॉलवर म्हणाले, "म्या हितं हाय. कुटं हाय ते मातर कळंना." तो परत फिरला! त्यांना उठवायला गेला आणि तिथेच मेला. मला वाटलं, आता ओरडेल. तो म्हणाला, असू दे भाऊ, पुढच्या वेळी आपण झाडाजवळ भेटायचं ठरवू.

झाडाजवळ! अतुल तिकडून मला हसायच्या खुणा पाठवतोय. मला तर बहिरूभाऊंना साडी-चोळी द्यावीशी वाटली, म्हणजे त्यांच्या बायकोला.

१७ जानेवारी

दिवसभर उगाच बरं वाटतंय. पाहुण्यांना जास्तीचे टॉवेल न मागता दिले.

२३ जानेवारी, गुरुवार

एकदा नीट वागला म्हणून काय झालं? ताईचा नवराही साखरपुड्यापासून लग्नापर्यंत नीटच होता.

आज पुन्हा बहिरूभाऊ, वर त्यांच्यासारखेच आणखी दोघे. गाड्या बंद केल्या. बंदुका कमी. त्याच्या टीमला कोपऱ्यातली जागा. तीन मॅच, तिन्हींत सगळ्यांच्या आधी बाहेर. शेवटी एवढंच म्हणाला, आज दिवस आपला नाही. मग बहिरूभाऊंना नेम कसा धरायचा ते शांतपणे समजावत बसला. ताई दारात उभी राहून ऐकत होती. मी वर बघितलं तर निघून गेली.

३० जानेवारी, गुरुवार

आज जरा जास्तच केलं. मॅच सुरू व्हायच्या क्षणी त्याला रूममधून काढून टाकलं. मुद्दाम. तो पुन्हा आला, पुन्हा काढलं. तिसऱ्यांदा आत घेतलं तेव्हा त्याची टीम अर्धी संपली होती.

कॉलवर म्हणाला, "सॉरी हं सगळ्यांना. माझंच नेट गेलं असेल."

झालं. माझा निर्णय झाला. याच्याइतका थंड माणूस मावळात दुसरा नसेल. रविवारी मावशीला होकार कळवायचा. अतुल, बहिरूभाऊ, फार्महाऊसचा तो न पाहिलेला मालक — सगळ्यांचे उपकार!

१ फेब्रुवारी, शनिवार

लिहायला हात धजत नाही. पण लिहिते.

रात्रीच्या भाकरी करताना ताईला सगळं सांगितलं. गिझरपासून रूममधून काढण्यापर्यंत. रंगवून, नकला करून. वाटलं, हसेल. ताईचा हात थापता थापता थांबला.

"तोही असंच करायचा," ती म्हणाली.

मला आधी कळलंच नाही. कोण?

मग ती बोलली. दोन वर्षांत पहिल्यांदा. आवाज एकदम साधा, भाजी काय करायची विचारावी तसा. तो कधी ओरडला नाही म्हणाली. एकदाही नाही. कपाटाची किल्ली उचलून ठेवायचा, ती घरभर शोधायची आणि तो खुर्चीत बसून बघायचा, कधी चिडते ते. नाही चिडली तर पुढच्या वेळी दुसरं काहीतरी. दुधाखालचा गॅस मोठा करायचा. तिच्या माहेरचे फोन उचलून ठेवून द्यायचा.

"आणि मी दरवेळी म्हणायचे, माझंच लक्ष नसेल."

तव्यावरची भाकरी करपली. कुणीच उचलली नाही.

मी म्हटलं, ताई, मी तर फक्त बघत होते. ती म्हणाली, "तेच तर."

२ फेब्रुवारी, रविवार

मावशीचा फोन आला. थांब म्हटलं. चिडली.

दिवसभर काउंटरवर हसून चाव्या दिल्या. ओरडणाऱ्या माणसाची मला इतकी भीती की न ओरडता काय काय करता येतं ते मला दिसलंच नाही. आणि मीच ते करत होते, वर त्याला परीक्षा म्हणत होते. लाज वाटते. पण ताई बोलली! कुणाशी का होईना, बोलली. आज सकाळी तिने पप्पांकडे आणखी एक कप चहा मागितला. एवढ्यावरसुद्धा मी कुणाकुणाचे आभार मानू असं झालंय.

३ फेब्रुवारी

धम्मदीपला फोन केला. सगळं सांगितलं. मॅनेजर मीच. बहिरूभाऊ मुद्दाम, गाड्या मुद्दाम, नेट गेलंच नव्हतं. माफी मागितली. तो एवढंच म्हणाला, बरं. आणि फोन ठेवला.

४ फेब्रुवारी

काही नाही.

६ फेब्रुवारी, गुरुवार

रूम काढली नाही. सवा चारला बहिरूभाऊंचा आवाज ग्रुपवर आला: "म्यानेजर सायब, तब्येत बरी हाय का? आमी वाट बघून ऱ्हायलोय." बागेचं काम आटपून बसले असतील बिचारे. मी फोन उपडा ठेवला.

८ फेब्रुवारी, शनिवार

दुपारी हॉटेल फुल्ल. दोन कुटुंबं एकाच खोलीवरून भांडतायत, आणि दारातून धम्मदीप आत आला. कंपनीचाच शर्ट. सोफ्यावर बसला. मी त्याच्याकडे बघते की रजिस्टरकडे, मलाच कळेना. भांडण मिटेपर्यंत तो तिथे बसून राहिला.

मग काउंटरशी आला. म्हणाला, मला राग आला होता. दोन दिवस फार होता, आता थोडा उरलाय. तोही तुम्हाला सांगायला आलो.

मी मान हलवली.

तो म्हणाला, "मी चिडतो तेव्हा सांगतो. आईला विचारा, बहिणीला विचारा. मला सरळ विचारलं असतं तरी सांगितलं असतं." मग जरा थांबून — "बहिरूभाऊ मात्र आवडले मला. ते काही शिक्षा वाटले नाहीत."

मला हसू आणि रडू एकदमच आलं. समोर पाहुणे, म्हणून दोन्ही गिळलं. पुढचा पाहुणा आधारकार्ड पुढे करून उभा!

जाताना त्याने एक अट घातली. "यापुढे आपल्या दोघांत होस्ट कुणीच नको. रूम तू काढायची नाहीस, मीपण नाही. दोघांनी खेळायला बसायचं." तुम्हीवरून तूवर कधी आला ते त्याच्या लक्षात आलं नाही. माझ्या आलं.

मी विचारलं, मग होकार समजू? म्हणाला, आधी गुरुवारी खेळू तर.

९ फेब्रुवारी, रविवार

घरी ताईला शब्दन् शब्द सांगितला, या वेळी नकला न करता. ती ऐकत राहिली. मग म्हणाली, चिडलो म्हणून सांगायला तळेगावहून आला? आणि कितीतरी वेळ त्यावरच विचार करत बसली.

१० फेब्रुवारी

गुरुवारी होस्ट कोण, हा प्रश्नच आहे. अतुलला स्वतः खेळायचं असतं. बाहेरचा कुणी आणला तर त्याला सगळ्यांची सवय नाही. अतुल म्हणतो, तू नको काळजी करूस, मी बघतो. त्याने माझ्याकडून मॅनेजरचं खातं मागून घेतलं. दिलं. दोन वर्षं जपलेली खुर्ची. देताना वाटलं तेवढं जड गेलं नाही.

१३ फेब्रुवारी, गुरुवार

चारला आयडी-पासवर्ड आला. नवं खातं काढून आत गेले. मी, धम्मदीप आणि बहिरूभाऊ एकाच टीममध्ये. होस्टच्या जागी मॅनेजर नाव नव्हतं. प्रतीक्षा होतं.

कॉलवर एकच गोंधळ. कुणी म्हणतंय जागा बदला, कुणी म्हणतंय गाड्या द्या, बहिरूभाऊंच्या मागे कुत्रं भुंकतंय. आणि त्या सगळ्यावरून ताईचा आवाज, चांगला खणखणीत, चढलेला: "ए, गप्प बसा सगळे! जिथं बसवलंय तिथं बसा. सगळ्यांना सारखं आहे!"

सगळे चिडीचूप. बहिरूभाऊंचं कुत्रंसुद्धा. तोच आवाज आतल्या खोलीतून भिंतीपलीकडून येत होता. पप्पा चष्मा काढून तिकडे बघत राहिले.

मॅच सुरू झाली आणि मी उतरल्या उतरल्या मेले. डोळे पुसत होते.