पियानोतला बल्ब

४ ऑगस्ट

आठ दिवस लिहायचं टाळतोय. वहीत उतरलं की खरं होणार! असो, लिहितो. पियानोची वाट लागलीये आणि ती मीच लावलीये.

पावसाळाभर पियानोच्या पोटात साठ वॉटचा पिवळा बल्ब पेटता ठेवायचा. त्याच्या उबेने लाकडाला ओल धरत नाही. चेतनाताई परदेशी गेल्यापासून घरात माझ्याकडे हे एकच काम. जूनमध्ये बल्ब उडाला. तसले बल्ब आता फक्त पियानो लावणाऱ्या दत्तारामकाकांकडे, जोगेश्वरीला. निघालोही होतो. वाटेत सुयोग भेटला, जुहूला चल म्हणाला... परत येताना नाक्यावरून एलईडी घेतला. उजेड तोच ना! आई फटीतून उजेड बघायची, खूश.

उजेड होता. ऊब नव्हती.

५ ऑगस्ट

मधल्या सात पट्ट्या दाबल्या की वर येत नाहीत.

ताई सतराला येणार. बर्लिन, टोकियो — लोक उभं राहून टाळ्या वाजवतात तिला. पण प्रत्येक मोठ्या दौऱ्याआधी ती मुलुंडला येऊन याच डबड्यावर हात बसवते. शाळेने भंगारात काढलेला हा. बाबांनी आणि शेजारच्या चौघांनी दोन मजले चढवला. कठड्याला अजून खरचटल्याची खूण आहे. त्या दिवशी मी खाली फक्त ओरडत होतो — जाऊ दे, भरकटलो.

७ ऑगस्ट

ताईचा फोन. "सम्या, पियानो बरा आहे ना रे?"

"झकास!" म्हणालो.

आठवड्यात तिसऱ्यांदा विचारतेय. कुणी सांगितलं का तिला? आणि एक — बोलता बोलता एका हाताने वाजवत असायची ती. आता मागे सगळं गप्प.

९ ऑगस्ट

दत्तारामकाका आले. बल्बला हात लावला. "थंडगार! मेल्या, ह्यो दिवाळीक लावतत!"

पिवळा लावून दिला. सुकायला पंधरा दिवस. घाई केली तर लाकूड चिरेल. माझ्याकडे आठ!

"बहिणीक सांग आधी," म्हणाले.

कसं सांगू?

१० ऑगस्ट

बॅग भरून ठेवलीये. कुठे जायचं ते ठरत नाहीये.

११ ऑगस्ट

दारात ताई! सहा दिवस आधी, एकटी. आई बाजारात.

मी सगळं बोलून टाकलं — जुहू, एलईडी, सात पट्ट्या. ती ओरडली नाही. एक पट्टी दाबली. ती खालीच राहिली. मग उजवा हात माझ्यापुढे धरला. शेवटची दोन बोटं आत वळलेली.

"चार महिने झाले. उठत नाहीत. कुणाला सांगितलं नाही रे. म्हटलं, याच्यावर तरी उठतील."

आत्ता झाकण काढून बसलीये. हात बल्बजवळ.