बटणांचा डाव

मंगळवार असावा. तारीख विचारली तर इथले व्यवस्थापक नुसते हसतात.

चि. ठमे,

अनेक आशीर्वाद. मी बरी आहे. गुडघे कुरकुरतात, पण माझ्यापेक्षा कमीच.

तुझ्या काकूच्या हट्टापायी या रानातल्या शिबिरात येऊन पडले आहे. "ताई, शिवणाच्या मशीनवर बसलात तरी तुमचा एक डोळा फोनवर," म्हणाली आणि परस्पर माझं नाव घालून मोकळी झाली. आल्या आल्या सगळ्यांचे फोन कपाटात कुलूपबंद. मुळात इथे रेंज नाही, मग कुलूप कशाला? बारा दिवस झाडं बघायची म्हणे. अगं, झाड किती वेळ बघणार? एकदा पाहिलं, झालं. टूथपेस्टच्या ट्यूबवरचं सगळं वाचून काढलं, मग गोळ्यांच्या पाकिटावरचं. हात सारखा कमरेला जातो, फोन चाचपायला. पाखरू ओरडलं तरी मेसेज आला वाटून उठते. बाकीच्या बायका डोळे मिटून बसतात. मी मिटले की तुझे बाबा दिसतात, म्हणून उघडे ठेवते.

आता मुद्द्याचं. फोनवरचा आपला बुद्धिबळाचा डाव आज बंद पडेल. आठवडाभर खेळी केली नाही की तो आपोआप बंद होतो, हे मला इथे आल्यावर आठवलं. आयुष्यभर कापड बेतून कापणारी मी, निघताना एवढा साधा हिशेब चुकले. व्यवस्थापकांकडे रडकुंडीला आले, तर म्हणाले, फोन देतो हो बाई, रेंज कुठून देऊ? भाजीची गाडी उद्या येते, तिच्या ड्रायव्हरकडे हे पत्र देणार आहे. तोवर तुला वाटायचं ते वाटून गेलेलं असेल. आईने हाही धागा तोडला, असं वाटून घेऊ नकोस गं.

बाबा गेले तेव्हा त्यांच्या फोनवर तुमचा डाव अर्ध्यावर होता. पाळी त्यांची होती. मी प्यादं सरकवलं आणि तू काही न विचारता उत्तर दिलंस. मग तू मला तुझ्याकडे राहायला बोलावलंस आणि मी तोंड सोडलं, "मी काय सामान आहे, उचलून तुझ्या घरी ठेवायला?" तेव्हापासून बोलणं संपलं, रोजची एक खेळी तेवढी उरली. सकाळी तुझी खेळी आली की समजायचं, उठली, आता कामावर जाईल. तेवढ्यावर माझा दिवस निघायचा. इथे तेही नाही. इतकं एकटं मला बाबा गेले तेव्हाही वाटलं नव्हतं.

काल दुपारी अगदीच करमेना. शिवणाच्या पिशवीतला खडू काढून व्हरांड्याच्या फरशीवर पट आखला आणि बटणं मांडली. शर्टाची तुझी, कोटाची बाबांची. डाव तोंडपाठ आहेच. फोनवर मी आपली खेळी उरकून मशीनकडे वळायचे. इथे उरकून जायचं कुठे? म्हणून उठून तुझ्या बाजूला जाऊन बसले.

आणि बघतच राहिले. तुझा वजीर सरळ खाली आला की आम्हाला मात. एका खेळीत. ही आजची गोष्ट नाही, कितीतरी दिवस तो तसाच उभा आहे, आणि तू रोज कधी घोडा हलवतेस, कधी उंट. दहाव्या वर्षी बापाला हरवून घरभर नाचलेली पोरगी तू. तुला ते दिसलं नाही, हे दुसऱ्या कुणाला सांग.

मीही हत्ती इकडून तिकडे नाचवत होते. वाटायचं, बाबांचा डाव मी एकटीच लांबवतेय.

तिथेच फरशीवर बसून रडले. बाकीच्यांना वाटलं, मला शांती मिळाली.

ठमे, डाव बंद पडेल तेव्हा हरल्याचं आमच्या नावावर लागेल. लागू दे. तू काही बाबांना हरवलं नाहीस आणि मीही त्यांना सोडलं नाही. पण ते गेले गं. त्यांच्या फोनवर आपण दोघी किती दिवस अशा लपून बसणार?

शिबिर रविवारी संपतं. मी घरी जात नाही, तिथून तुझ्याकडेच येते. बटणं आणते, पट तू आख. संध्याकाळी स्टँडवर ये, उचलून न्यायला.

तुझं सामान,
आई