कोबालकाकांचं मरण, वन्स मोअर

पिस्कॅटवे, न्यू जर्सी, १७ सप्टेंबर २००६

तीर्थस्वरूप गुरुदत्तमामांस, सौमित्रचा साष्टांग नमस्कार (खोली लहान आहे, म्हणून पाय दुमडून). शैलजामामींचा गुडघा कसा आहे? तुमचं ब्लडप्रेशर आटोक्यात असेलच. नसल्यास गोळी घेऊन मग पुढे वाचा, कारण विषय तुमच्या नाटकाचा आहे.

गणेशोत्सवात इथल्या मंडळानं तुमचं नाटक केलं. त्यातल्या इंग्रज कलेक्टरसाठी गोरा माणूस हवा होता. (मागे एकदा मंडळातल्या विनयला पावडर फासून उभा केला होता, दुसऱ्या अंकापर्यंत घामानं तो पुन्हा कोल्हापूरचा झाला.) मला एकदम आमचे घरमालक आठवले, ज्यांच्या तळघरात मी राहतो ते टोने कोबाल. वय ऐंशीच्या घरात, मूळचे स्लोव्हेनियाचे. महायुद्धानंतर तिकडे युगोस्लाव्हिया होता, तेव्हा ते बरीच वर्षं सिनेमात होते. उंच, घारे, नाक धारदार, त्यामुळे वाट्याला कायम जर्मन अधिकारी. आणि तिकडचे सिनेमे जर्मनांशी लढणाऱ्यांचे, म्हणजे जर्मन मरणार हे ठरलेलं. पुलावरून, घोड्यावरून, एकदा तर गवताच्या गंजीवरून पडून ते मेले. मध्यंतरापलीकडे कधी जिवंत पोचले नाहीत. त्यांची मुलगी मिलेना लहानपणी थिएटरात दर वेळी रडायची आणि ते दर वेळी वचन द्यायचे, की पुढच्या सिनेमात नाही मरणार. मग अमेरिकेत येऊन त्यांनी घरं रंगवली आणि वचन राहून गेलं.

तुमचा कलेक्टर शेवटपर्यंत जगतो हे ऐकल्यावर कोबालकाका खुर्चीतून उठलेच. तिसऱ्या अंकातलं "फौजदार, या मुलाला सोडा" हे वाक्य त्यांनी भांडी घासताना, लॉन कापताना घोकून पाठ केलं. मिलेना खास प्रयोगासाठी टेक्सासमधल्या अर्विंगहून आली. (जानेवारीत ती त्यांना कायमचं तिकडे नेणार आहे. घर विकायला काढलंय.)

आता घोटाळा ऐका. पहिल्या अंकात क्रांतिकारक कलेक्टरवर गोळी झाडतो आणि नेम चुकतो. तालमी आमच्या दिग्दर्शकाच्या, दिगंबरच्या, अपार्टमेंटमध्ये होत्या. तिथे बंदुकीचा बार ऐकला तर शेजारी थेट पोलिसांना फोन करणार, म्हणून क्रांतिकारक झालेला प्रथमेश तोंडानंच "ठो" म्हणायचा. प्रयोगाला मात्र दिगंबरनं सीडीवर खणखणीत आवाज आणला होता. बार झाला, नेम चुकला आणि कोबालकाका मेले. जन्माची सवय. आधी एक गुडघा, मग टेबलाचा आधार, मग टेबलासकट, असे सावकाश मेले की पुढच्या रांगेतल्या काकू उठून उभ्या राहिल्या. हॉल टाळ्यांनी दणाणला आणि नागपूरहून लेकीकडे आलेल्या पुरुषोत्तमकाकांनी, नाट्यपदाला द्यावा तसा, वन्स मोअर दिला. कोबालकाका सिनेमातले, शिस्तीचे. पुन्हा करा म्हटलं की पुन्हा. उठले, कोट झटकला, जागेवर गेले आणि पहिल्यापेक्षा चांगले मेले.

तिसऱ्या अंकाआधी विंगेत मी त्यांच्या हातापाया पडलो, की नुसते जखमी झाला होतात असं कव्हर करून घेऊ. ते म्हणाले, "नो, सन. दे सॉ मी डाय. ट्वाइस." शेवटी तुमचं वाक्य फौजदारानं स्वतःच स्वतःला सांगितलं आणि मुलाला सोडून दिलं. विंगेत कोबालकाकांचे ओठ हलत होते. मिलेना आत आली आणि "यू प्रॉमिस्ड" एवढंच म्हणाली. हसत म्हणाली, पण डोळे भरले होते. मला फार वाईट वाटलं, मामा. तेव्हापासून वर ते येरझाऱ्या घालतात आणि खाली मी. थीसिसचं पान उघडतो, मिटतो, चहा टाकतो, विसरतो. हे पत्रसुद्धा उभ्यानंच लिहितोय.

घरी सगळ्यांना यथायोग्य सांगा आणि माझ्यावर राग धरू नका.

तुमचा भाचा,
सौमित्र

ता. क. राग धरलाच असेल तर तो बाजूला ठेवून एक एकांकिका लिहून पाठवा. नोव्हेंबरात मंडळाचा दिवाळीचा कार्यक्रम आहे, त्यानंतर काका टेक्सासला. बंदूक, तलवार, जिना, विहीर काही नको. म्हाताऱ्यानं पडदा पडेपर्यंत जगावं, बाकी कथानक नसलं तरी चालेल.

ता. क. २. हे सगळं मी त्यांना इंग्रजीत वाचून दाखवलं. ते विचारतायत, की शेवटी एखादा लहानसा हार्ट अटॅक ठेवता येईल का? टाळ्या त्यांनी जन्मात पहिल्यांदा ऐकल्या. (सिनेमात मेलं की नुसतं "जेवायला चला" म्हणतात.) मामा, तुम्ही त्यांचं अजिबात ऐकू नका. मिलेनानं नोव्हेंबरात इकडे यायचं विमानाचं तिकीट काढलंय.