खाली सगळेच काळे

२ मार्च

आज बाबा मला "मॅडम" म्हणाले. सगळ्यांसमोर! हसू आवरताना माझ्या हातातलं पेन पडलं, तेही त्यांनीच उचलून दिलं.

सागरी संशोधन केंद्रात मी दिलेलं पहिलं प्रशिक्षण. समोरच्या बाकांवर सात पाणबुडे. सहा जणांनी मला शेंबडी असल्यापासून पाहिलेलं, सातवे माझे वडील. तीस वर्षं ही माणसं बुडी मारून शिंपले काढायची. आता शिंपलेच उरले नाहीत, म्हणून केंद्राने त्यांच्या हाती हातोड्या दिल्यात. काम एकच — तळाचे समुद्री अर्चिन फोडायचे. (पाणबुडे त्यांना काटेचेंडू म्हणतात. मीही म्हणायचे. पदवी मिळाल्यावर अर्चिन म्हणायला लागले. चेंडू तेच.)

खाडीत त्यांच्या दोन जाती. एक इथलीच, गडद लाल. दुसरी काळी, कोमट प्रवाहाबरोबर लांबच्या समुद्रातून आलेली. मी त्यांना घरचा आणि पाहुणा अशी नावं दिली. घरचा समुद्री शेवाळाची गळलेली पानं खातो. पाहुणा उभं झाड बुडख्यापासून खातो. दहा वर्षांत त्याने पाण्याखालचं शेवाळाचं रान साफ केलं. रान गेलं, मग त्यात लपणारी माशांची पिल्लं गेली, मग शिंपले. उरला उघडा खडक आणि त्यावर हजारो पाहुणे. खायला काही नसलं तरी हा मरत नाही. आतून पोकळ होतो आणि वर्षानुवर्षं बसून राहतो. एखादा कोवळा कोंब आला की सगळे मिळून त्याच्यावर.

"पाहुण्यांचं असंच असतं," मामा म्हणाले. मामा माझे कोणी लागत नाहीत, ते सगळ्या खाडीचेच मामा.

साहेबांनी दिलेल्या जुन्या कागदावर दोन जातींमधले सहा फरक होते — रंग, काट्यांची लांबी, कवचावरच्या रेघा, काटे पोकळ की भरीव, असं बरंच काही. मी पाच खोडले. ज्ञान लोकांपर्यंत सोपं होऊनच गेलं पाहिजे, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. प्रत्येकाला एक प्लास्टिकचं कार्ड, त्यावर अंगठ्याएवढ्या अक्षरांत एकच ओळ: काळा दिसला की हातोडी.

शेवटी विचारलं, काही शंका? कोणालाही शंका नव्हती. इतकं सोपं शिकवलं मी!

३ मार्च

आई सांगत होती, बाबा माझं कार्ड दोन्ही बाजूंच्या शेजाऱ्यांना दाखवून आले. तिसऱ्या बाजूला समुद्र आहे म्हणून थांबले.

९ मार्च

मोहीम सुरू. बोटीत मी, वही आणि अंगात फुगवायचं जाकीट. पाणबुड्यांच्या मनगटाला मोजणीचं बटण — एक फोडला की एकदा दाबायचं. वर आले की मी आकडा लिहून घेते. आज पहिल्याच दिवशी नऊशे चाळीस!

मामांनी विचारलं, मॅडम, तुम्हीही या की खाली, बघून तरी जा. सगळे हसले, कारण सगळ्यांना माहीत आहे. मला पोहता येत नाही. पाणबुड्याची मुलगी, सागरी जीवशास्त्राची पदवी, आणि पाणी गुडघ्याच्या वर गेलं की धाबं दणाणतं. लहानपणी मी शिकवा म्हणून हट्ट करायचे. बाबा म्हणायचे, "तू पुस्तकात बुडी मार. पाण्याचं मी बघतो." वाटणी ठरली आणि दोघांनीही इमानाने पाळली.

१६ मार्च

साहेब खूश. माझे कराराचे सहा महिने एप्रिलअखेर संपतात. मोहिमेचा अहवाल चांगला गेला तर मी कायम. शिवाय किनाऱ्यावरच्या आणखी तीन खाड्यांमध्ये हीच मोहीम, हेच कार्ड! पाचशे प्रती छापायला जाणार आहेत. माझी एक ओळ, पाचशे वेळा. घरात माझ्याआधी दहावीच्या पुढे कोणी गेलं नव्हतं, हे आज उगाचच दोनदा आठवलं.

२३ मार्च

एक अडचण आहे. अडचणीचा नंबर सात.

बाकीचे एका बुडीत दीडशे-दोनशे फोडतात. मामा तर अडीचशे! बाबा साठ. कधी सत्तर. वय म्हणावं, तर मामा त्यांच्याहून चार वर्षांनी मोठे. घरचं माणूस म्हणून मी सोडलं असं होऊ नये, म्हणून आजच्या बैठकीत पहिलं नाव त्यांचंच घेतलं. नाव नाही, नंबर. "सात नंबर, तुमचा आकडा सुधारायला हवा."

"हो, मॅडम."

घरी येताना माझी जड पिशवी त्यांनी घेतली. कामाच्या गोष्टी घरी आणायच्या नाहीत, हे मी ठरवलेलं आहे.

३० मार्च

एकूण पंधरा हजारांच्या वर. सात नंबर: अठ्ठावन्न. सुधारणा नाही.

४ एप्रिल

अहवालाला नमुने हवेत. प्रत्येकाने आज फोडलेल्यातले काही एका जाळीच्या पिशवीत भरून वर आणले. सहा पिशव्या तपासायच्या. सातवी मी नंबराची चिठ्ठी बांधून फ्रीझरच्या तळाशी टाकली. वडिलांचा नमुना मुलीनेच तपासला, असं उद्या कोणी म्हणायला नको. आईला सांगितलं तर म्हणाली, "चेंडूंनाही नातं लागतं का गं?" आईला शास्त्रीय पद्धत समजावणं कठीण आहे.

६ एप्रिल

सहा पिशव्या. पांढरा ट्रे. अंगणातलं स्वच्छ ऊन.

दोनशे अडतीस तुकडे झालेले काटेचेंडू. त्यातले एकशे एकवीस लाल.

पुन्हा मोजले. एकशे एकवीसच.

निम्मे घरचे! ज्यांना वाचवायचं, त्यांच्याच डोक्यात हातोडी! इतकं सोपं कार्ड, एकच ओळ, आणि तीही पाळता येऊ नये? बटण दाबायची घाई, दुसरं काय. अडीचशे म्हणे! मी नोटीस लिहायला घेतली. "निष्काळजीपणा" हा शब्द तीनदा आला, एक खोडला.

७ एप्रिल

नोटीस वाचून दाखवली. लाल तुकड्यांचा ट्रे समोर ठेवला. सगळे ट्रेकडे बघत राहिले, मग एकमेकांकडे, मग मामांकडे.

मामा कसं सांगावं अशा चेहऱ्याने उठले. "मॅडम, तुम्ही म्हणालात काळा दिसला की हातोडी."

"हो. मग?"

"खाली सगळेच काळे दिसतात."

मी टॉर्चबद्दल विचारलं. एका हातात हातोडी, दुसऱ्या हाताने खडक धरलेला, भर दिवसा टॉर्च कोण नेतो? मग हे आधी का नाही सांगितलं? त्यावर मामा म्हणाले, आम्हाला वाटलं दोन्ही फोडायचे असणार, पण घरच्याचं नाव कागदावर कसं घ्यायचं, म्हणून केंद्राने असं आडून लिहिलं असेल. केंद्राचा कागद म्हटला की असाच असतो.

बाबा मागच्या बाकावर. मान खाली.

पाणी सगळ्यात आधी लाल रंग गिळतं. दहा मीटरच्या खाली गडद लाल आणि काळ्यात फरक राहत नाही. हे मला माहीत होतं! दुसऱ्या वर्षाच्या पेपरात हाच प्रश्न होता. आकृतीसह उत्तर लिहिलं होतं. दहापैकी आठ गुण.

८ एप्रिल

बाबा परसात दोर गुंडाळत होते. मी विचारलं, खाली लाल दिसत नाही हे तुम्हाला माहीत होतं?

"तीस वर्षं खालीच होतो मी."

"मग त्या दिवशी बोलला का नाहीत?"

त्यांनी दोराचा वेढा पूर्ण केला. "वाटलं, पुस्तकात काहीतरी असेल, आपल्याला न कळणारं. आणि माझी मुलगी पहिल्यांदा चार लोकांपुढे उभी राहिलेली. तिला मी टोकायचं? म्हणून मग मी आपलं..."

पुढचं ऐकायला मी थांबले नाही. म्हणजे माझ्या पदवीचा मान राखायला यांनी महिनाभर घरचे फोडले! कोणी मला अडाणी म्हणून हिणवलं असतं तर इतकं लागलं नसतं. मला शहाणी समजले, त्याने खाडीची वाट लागली.

९ एप्रिल

साहेबांना सगळं सांगितलं. ट्रेसकट.

त्यांनी एक लाल काटा उचलून उजेडात धरला, ठेवला. म्हणाले, तळ मोकळा झाला ना? मग अहवालात "एकूण फोडलेले" एवढाच रकाना ठेवा. जात कशाला काढता? "चूक" हा शब्द अहवालात बरा दिसत नाही, फार तर "रंगाधारित ओळखीच्या मर्यादा" म्हणा, तेही परिशिष्टात.

मी म्हटलं, आणि कार्डं? ती छापून आली होती. पाचशे. सोमवारी तीन खाड्यांकडे निघणार.

"तुमच्या कायम होण्याची फाइलही माझ्याच टेबलावर आहे," ते म्हणाले. आवाज गोड होता. बाजूलाच कार्डांचा गठ्ठा. माझी ओळ, अंगठ्याएवढी.

१० एप्रिल

तिन्ही खाड्यांच्या केंद्रांना पत्रं लिहिली. स्वतःच्या नावाने, स्वतः पोस्टात टाकली. कार्ड वापरू नका, ते चुकीचं आहे, मी लिहिलं आहे. "मर्यादा" हा शब्द वापरला नाही. अहवालात दोन रकाने केले — पाहुणे, घरचे — आणि साहेबांच्या टेबलावर फाइलीच्या शेजारी ठेवला.

आईने विचारलं, नोकरी जाईल का? म्हटलं, बहुतेक.

"मग उद्या डबा नको?"

म्हटलं, दे. कपाटं आवरायला तरी जावंच लागेल.

१३ एप्रिल

कार्डं गेली नाहीत. एका केंद्राने पत्र मिळताच साहेबांना फोन करून विचारलं म्हणे. अभिनंदन नको होतं, मिळालंही नाही. एप्रिलअखेर माझी मुदत संपते आणि ती "वाढवण्याची आवश्यकता दिसत नाही." मोहीम थांबली. कार्डं स्वच्छतागृहाच्या कपाटावर ठेवलीत, मागची कोरी बाजू सूचना लिहायला होईल म्हणून.

मामा भेटले. म्हणाले, मॅडम, आता काय हातोडीने खिळे ठोकू? मी हसले नाही, म्हणून ते एकटेच हसले आणि मग थांबले.

बाबांशी अजून नीट बोललेले नाही. काय बोलणार? दोघांनीही एकमेकांचा मान राखला. काटेचेंडूंचा कोणी राखला नाही.

१६ एप्रिल

फ्रीझर रिकामा करायचं काम मिळालं. तळाशी सात नंबरची पिशवी. फेकायच्या आधी ट्रेवर ओतली आणि उन्हात नेली.

एकेचाळीस. लाल — एकही नाही.

घरी आले. बाबा पायरीवर बसले होते. मी फक्त विचारलं, कसं?

"काटा चिमटीत दाबायचा. पाहुण्याचा पोकळ असतो, लगेच मोडतो. घरच्याचा मोडत नाही." सहांपैकी मी खोडलेला एक फरक. त्यांनी माझ्याकडे न बघता पुढे म्हटलं, "एकेक दाबून बघायला वेळ लागतो, मॅडम."