जावयाचं फुकटचं टूल

अगं,

जुना कॉम्प्युटर दुरुस्तीला नेतोय. परवा तुझ्या लाडक्या जावयाने स्क्रीनवरची ती 'विंडोज ॲक्टिव्हेट करा' सूचना घालवायला नेटवरून कसलंसं फुकटचं टूल उतरवलं आणि त्यासाठी अँटिव्हायरसच बंद केला. मी नको म्हणालो, तर तू म्हणालीस, "त्याला कळतं त्यातलं!" आता तुझ्या ईमेलवरून शिकवणीच्या मुलींना भलत्यासलत्या लिंका जातायत. आधी मोबाइलवरून पासवर्ड बदल.

आणि त्याला फोन करू नकोस. तो धावत येईल आणि तू पुन्हा ठेवणीतले कप काढशील. या घरातला मिक्सर, इस्त्री, नळ आजवर मीच दुरुस्त केले. मला चहा मात्र कान तुटलेल्या कपात.

संध्याकाळी दुरुस्त करूनच आणतो. चहा कुठल्या कपात देतेस, बघतो.